देवयानी दीर्घिका: आधी नुसत्या डोळ्यांनी शोधा, मग तिचं अंतर स्वतः काढा

वेल्ह्याकडच्या एका माळावर मी दर हिवाळ्यात ओळखीच्या मंडळींना घेऊन जातो. आकाशात बोट दाखवून म्हणतो, "ती बघा, देवयानी दीर्घिका." नव्या माणसाला ती दिसायला पाच-सात मिनिटं लागतात. दिसली की बहुतेक जण क्षणभर गप्प होतात आणि मग विचारतात, "एवढीच?" त्यांचं काहीच चुकत नाही. त्यांनी फोटोत निळ्या-सोनेरी सर्पिल भुजा पाहिलेल्या असतात आणि समोर दिसतो तो तळहाताने पुसल्यासारखा फिकट डाग. मग मी सांगतो की या डागातून डोळ्यात शिरणारा प्रकाश २५ लाख वर्षांपूर्वी निघाला आहे. पुढचा प्रश्न हमखास येतो, आणि तो मला सगळ्यात आवडतो: "पण हे २५ लाख मोजलं कसं?"

हा लेख त्या प्रश्नासाठी लिहिला आहे. आधी दीर्घिका स्वतःच्या डोळ्यांनी शोधायची आणि मग तिचं अंतर वहीत स्वतः काढायचं, अशी दोन कामं यात आहेत. दोन्ही एका हिवाळ्यात होण्यासारखी आहेत. पहिल्याला पैसे लागत नाहीत, दुसऱ्याला अकरावीचं गणित पुरतं.

शब्दांचा गोंधळ आधीच मिटवू. आपण ज्या ताऱ्यांच्या चकतीत राहतो ती आकाशगंगा. तशा इतर सगळ्या ताऱ्यांच्या नगरींना मराठीत दीर्घिका म्हणतात. हिंदीच्या प्रभावामुळे सगळ्यांनाच आकाशगंगा म्हणण्याची पद्धत पडली आहे, पण दोन वेगळे शब्द हाताशी असताना ते वापरावेत असं मला वाटतं. शंभर वर्षांपूर्वी सगळा वाद त्याच फरकावर झाला होता.

रात्र आणि जागा निवडणं

महाराष्ट्रातून देवयानी दीर्घिका पाहण्याचा उत्तम काळ म्हणजे ऑक्टोबरच्या मध्यापासून जानेवारीच्या मध्यापर्यंत. पावसाने हवा धुतलेली असते आणि थंडीतलं धुकं अजून दाटलेलं नसतं. नोव्हेंबरच्या अखेरीस रात्री नऊच्या सुमारास ही दीर्घिका सर्वांत उंच असते. पुणे-मुंबईच्या अक्षांशावरून तेव्हा ती उत्तर क्षितिजापासून सुमारे ६७ अंशांवर, म्हणजे डोक्यापासून जराशीच उत्तरेला दिसते.

चंद्र नको. अमावास्येच्या आधीचे चार-पाच दिवस आणि नंतरचे तीन-चार दिवस धरा. दिवाळीची अमावास्या सोयीची वाटते, सुट्टीही असते, पण फटाक्यांचा धूर हवेत बराच वेळ राहतो. शहरापासून फार दूर जाणार नसाल तर त्यापेक्षा पुढची, कार्तिकातली अमावास्या निवडा.

जागेची एक साधी कसोटी आहे. शर्मिष्ठा या उत्तरेकडच्या तारकासमूहाचे इंग्रजी एम अक्षरासारखे मांडलेले पाच तारे आणि त्यांच्यामागून गेलेला आकाशगंगेचा पट्टा दिसत असेल, तर देवयानी दीर्घिका नुसत्या डोळ्यांनी नक्की दिसेल. पट्टा दिसत नसला तरी भाद्रपदा चौकोनाचे चारही तारे स्पष्ट असतील तर बायनॉक्युलरने काम होईल. मुंबईकर वर्षानुवर्षं वांगणी-नेरळच्या बाजूला जात आले आहेत. तिथलं आकाश आता पूर्वीइतकं काळं राहिलेलं नाही, तरी सुरुवातीला चालतं. पुणेकरांना वेल्हे, भोर, जुन्नरचा पश्चिम भाग जवळ पडतो. विदर्भातल्यांचं भाग्य मोठं आहे: पेंच व्याघ्र प्रकल्पाला २०२४ मध्ये भारतातलं पहिलं 'डार्क स्काय पार्क' म्हणून मान्यता मिळाली.

सोबत सतरंजी हवीच. ६७ अंशांवरची वस्तू उभ्याने पाहिली की दहा मिनिटांत मान भरते, म्हणून सरळ आडवे व्हा. पाण्याची बाटली, कानटोपी, वही, पेन्सिल, आणि लाल जिलेटिन कागद दोन पदरी गुंडाळलेली बॅटरी घ्या. पोचल्यावर निदान २५ मिनिटं मोबाइल बंद ठेवा. काळोखाला सरावलेले डोळे एकदा पांढऱ्या उजेडात गेले की तेवढाच वेळ पुन्हा द्यावा लागतो. गटातल्या एकाने व्हॉट्सॲप उघडलं की त्याच्या शेजारच्या दोघांचीही रात्र लांबते, हे आधीच सगळ्यांना सांगून ठेवा.

चौकोनापासून दीर्घिकेपर्यंत

नोव्हेंबरच्या मध्याला रात्री आठ वाजता डोक्यावर पाहिलं की चार मध्यम तेजस्वी ताऱ्यांचा मोठा चौकोन दिसतो. त्याच्या आत ठळक तारा जवळजवळ नाहीच, त्यामुळे तो चटकन उठून दिसतो. पश्चिमेकडचे दोन तारे पूर्वाभाद्रपदा नक्षत्राचे, पूर्वेकडचे दोन उत्तराभाद्रपदाचे.

आता अंतरं मोजण्यासाठी हात वापरा. हात पूर्ण लांब केला की मुठीची रुंदी साधारण १० अंश आणि करंगळीची १ अंश.

चौकोनाचा ईशान्येकडचा तारा पकडा. तिथून ईशान्येलाच दीड मूठ पुढे गेलं की त्याच तेजाचा, किंचित तांबूस तारा येतो. तो मिराक. वाटेत मध्यावर एक मंद तारा लागतो. तो दिसला तर रस्ता बरोबर आहे असं समजा. मिराकपाशी काटकोनात वळायचं, शर्मिष्ठेच्या दिशेला. चार अंशांवर एक मंद तारा लागेल आणि त्याच्या पुढे तीन अंशांवर आणखी मंद दुसरा. या दुसऱ्या ताऱ्याच्या अगदी शेजारी, जेमतेम सव्वा अंशावर पश्चिमेला, दीर्घिका आहे. मिराकपासून तिथवरचं सरळ अंतर मुठीपेक्षा थोडं कमी भरतं.

वाट सापडली नाही तर शर्मिष्ठेकडून या. तिच्या पाच ताऱ्यांत दोन कोन तयार होतात. त्यातला जास्त टोकदार कोन बाणासारखा धरला तर तो याच दिशेला रोखलेला असतो.

आपल्याकडे ही नावं एका कथेतून आली आहेत हे ध्यानात ठेवलं तर आकाशाचा हा तुकडा विसरला जात नाही. देवयानी, शर्मिष्ठा, ययाती आणि शर्मिष्ठेचा बाप वृषपर्वा हे चौघेही इथे शेजारी शेजारी आहेत. वृषपर्व्याला विसरू नका. अंतर मोजताना तोच उपयोगी पडणार आहे.

जागा सापडली आणि तरीही काही दिसत नसेल तर तिरप्या नजरेने पाहा. डागावर नजर रोखू नका, त्याच्या थोडं बाजूला बघत लक्ष मात्र डागावर ठेवा. मंद प्रकाश टिपणाऱ्या पेशी डोळ्याच्या पडद्यावर मध्यभागी नसतात, कडेला असतात. ही सवय लागली की नुसती देवयानीच नव्हे, पुढची प्रत्येक दीर्घिका जास्त चांगली दिसते. माझ्या अनुभवात महागड्या दुर्बिणीपेक्षा या एका सवयीने जास्त काम केलं आहे.

जे दिसलं ते वहीत

दीर्घिका सापडली की लगेच पुढे पळू नका. अर्धा तास तिलाच द्या आणि वहीत तारीख, वेळ, जागा, आकाशाची स्थिती आणि एक रेखाटन करा. एक वर्तुळ काढा, त्यात आसपासचे तारे टिंबांनी दाखवा आणि डाग पेन्सिलीच्या कडेने घासून काढा. डाग गोल की लांबट? लांबट असेल तर कोणत्या ताऱ्याकडे झुकलेला? मध्यभाग कडेपेक्षा उजळ आहे का? अडीच-तीन रात्री असं केलं की डाग वाढल्यासारखा वाटतो. खरं तर तुमची नजर वाढलेली असते.

हे रेखाटन करताना तुम्ही एका फार जुन्या रांगेत उभे असता. इराणमधल्या इस्फहानचा ज्योतिर्विद अल् सूफी याने इ. स. ९६४ च्या सुमारास आपल्या ताऱ्यांच्या ग्रंथात याच ठिकाणी एक छोटा ढग असल्याची नोंद केली. उपलब्ध नोंदींत ही सर्वांत जुनी. पुढे १६१२ मध्ये जर्मनीत सायमन मारिअसने तो ढग दुर्बिणीतून पाहिला आणि शिंगाच्या पातळ पापुद्र्याआडून दिसणाऱ्या मेणबत्तीच्या उजेडाची उपमा दिली. बायनॉक्युलरमधून पाहताना ती उपमा आठवून बघा, आजही तंतोतंत लागू पडते. १७६४ मध्ये चार्ल्स मेस्सिए या फ्रेंच धूमकेतू-शोधकाने त्याला आपल्या यादीत ३१ वा क्रमांक दिला. एम ३१ हे नाव तिथून आलं.

बायनॉक्युलर, दुर्बीण, कॅमेरा

लगेच दुर्बीण विकत घेऊ नका, असं मी प्रत्येकाला सांगतो. १० बाय ५० चा बायनॉक्युलर, म्हणजे दहापट मोठं दाखवणारा आणि ५० मिलिमीटर भिंगांचा, या दीर्घिकेसाठी बहुतेक छोट्या दुर्बिणींपेक्षा चांगला. कारण सोपं आहे. दीर्घिका आकाशात सुमारे तीन अंश लांब पसरली आहे, पौर्णिमेच्या सहा चंद्रांइतकी. दुर्बिणीत एका वेळी जेमतेम अंशभर आकाश मावतं, त्यामुळे फक्त उजळ गाभा दिसतो आणि लोक निराश होतात. बायनॉक्युलरमध्ये साडेसहा अंशांच्या आसपास आकाश मावतं. गाभा, दोन्ही बाजूंना विरत जाणारी चकती आणि तिच्याभोवतीचा काळोख एकत्र दिसला की वस्तूचा आकार कळतो. कोपर टेकायला उशी किंवा सॅक घ्या, हात थरथरले की मंद कडा नाहीशा होतात.

दुर्बीण असेलच, समजा सहा किंवा आठ इंची डॉब्सोनियन (साध्या बैठकीवर बसवलेली आरशाची दुर्बीण), तर सर्वांत कमी पट करणारी नेत्रिका लावा आणि दोन सोबती शोधा. एम ३२ हा गाभ्याजवळचा जरा फुगलेल्या ताऱ्यासारखा ठिपका आहे. एम ११० दुसऱ्या बाजूला, मोठा पण फिकट. या दोन्ही देवयानीभोवतीच्या छोट्या दीर्घिका आहेत. अगदी काळ्या आकाशात मोठ्या दीर्घिकेची एक कड अचानक कापल्यासारखी वाटते. तिथे धुळीचा पट्टा आहे.

फोटो काढायला ट्रॅकर, म्हणजे आकाशाबरोबर कॅमेरा फिरवणारं यंत्र, लागतोच असं नाही. साधा डीएसएलआर, ५० किंवा ८५ मिलिमीटरची लेन्स आणि घट्ट तिपाई पुरते. ५०० ला लेन्सच्या मिलिमीटरने भागायचं, छोट्या सेन्सरचा कॅमेरा असेल तर आणखी दीडने. उत्तर येईल तेवढे सेकंद उघडझाप. म्हणजे छोट्या सेन्सरवर ५० मिलिमीटरला साडेसहा सेकंदांच्या आसपास. आयएसओ १६०० ते ३२००, छिद्र जवळपास पूर्ण उघडं, आणि असे शंभर फोटो. शेवटी लेन्सला झाकण लावून त्याच सेटिंगवर वीस काळे फोटो घ्या. सिरिल किंवा डीपस्कायस्टॅकर या मोफत सॉफ्टवेअरमध्ये ते एकावर एक रचले की डोळ्याला न दिसलेली चकती पडद्यावर उमटते. फोकस मात्र एखाद्या ठळक ताऱ्यावर पडदा मोठा करून हाताने लावा, आणि अर्ध्या तासाने लेन्सवर दव धरलंय का ते तपासा. दरीकाठी नोव्हेंबरनंतर ते धरतंच.

अंतराचा प्रश्न अडला होता कुठे

आता दुसरं काम. गणिताआधी तो प्रश्न इतका का अडला होता हे समजून घेऊ, नाहीतर सूत्र हातात येईल पण त्यातली गंमत हातून निसटेल.

आकाशातल्या डागाकडे बघून तो जवळचा छोटा ढग आहे की दूरची प्रचंड नगरी, हे सांगता येत नाही. १८४५ मध्ये आयर्लंडात लॉर्ड रॉसने आपल्या सहा फुटी आरशाच्या दुर्बिणीतून एम ५१ या डागात सर्पिल भुजा पाहिल्या. १८६४ मध्ये विल्यम हगिन्सने देवयानीचा वर्णपट, म्हणजे तिचा प्रकाश रंगांत फोडून मिळणारा पट्टा, घेतला, तो वायूच्या ढगासारखा न निघता ताऱ्यांसारखा सलग निघाला. १८८८ मध्ये आयझॅक रॉबर्ट्सच्या फोटोत देवयानीतही सर्पिल रचना दिसली. यातला प्रत्येक पुरावा दोन्ही बाजूंनी ओढता येत होता. सर्पिल म्हणजे जन्माला येणारी ग्रहमाला, असंही अनेक जण म्हणत होते.

त्यात १८८५ ची घटना. ऑगस्टमध्ये देवयानीच्या गाभ्याजवळ एक नवा तारा चमकला, जवळजवळ नुसत्या डोळ्यांना दिसण्याइतका. देवयानी लाखो प्रकाशवर्षं दूर असेल तर हा एक तारा कोट्यवधी सूर्यांइतका तेजस्वी असायला हवा. तेव्हा ते कोणालाच पटण्यासारखं नव्हतं, म्हणून निष्कर्ष निघाला की देवयानी जवळ आहे. तो अतिनवतारा होता. ताऱ्याचा असा स्फोट होऊ शकतो हे माहीत नसताना काढलेला तो निष्कर्ष पूर्ण तर्कशुद्ध होता आणि तरीही चुकीचा.

२६ एप्रिल १९२० रोजी वॉशिंग्टनमध्ये हार्लो शॅप्ली आणि हेबर कर्टिस या खगोलशास्त्रज्ञांची जाहीर चर्चा झाली. शॅप्लींचं म्हणणं, आकाशगंगा इतकी मोठी आहे की हे सगळे डाग तिच्याच आवाक्यात येतात. कर्टिस म्हणाले, या स्वतंत्र नगरी आहेत. शॅप्लींच्या बाजूला एक भक्कम वाटणारा आधार होता: ॲड्रिआन व्हॅन मानेन यांनी काही सर्पिल डाग फोटोंवर फिरताना मोजले होते. इतक्या झटपट फिरतात तर ते दूर असूच शकत नाहीत. ती मोजणी पुढे चुकीची ठरली, पण तोवर तिने भल्याभल्यांना अडवून धरलं.

कोंडी फोडायला हवा होता असा तारा, ज्याचं खरं तेज आपल्याला दुसऱ्या कशावरून तरी कळेल. तो दिला हेन्रिएटा लेव्हिट यांनी. हार्वर्डच्या वेधशाळेत त्या फोटोंच्या काचपट्ट्यांवरचे तारे मोजण्याचं काम करत होत्या. पेरूमधून आलेल्या पट्ट्यांवर त्यांनी मॅजेलनच्या छोट्या मेघातले, म्हणजे दक्षिण आकाशातल्या एका छोट्या दीर्घिकेतले, २५ चल तारे निवडले. हे तारे ठरावीक दिवसांनी तेजाळतात आणि मंदावतात. १९१२ मध्ये त्यांनी दाखवलं की ज्याचा फेरा जास्त दिवसांचा, तो तारा जास्त तेजस्वी.

यात महत्त्वाची गोष्ट आहे ती ठिकाणाची. रात्री दूरच्या डोंगरावर एखाद्या वाडीतले दिवे दिसतात तेव्हा त्यातला जो जास्त उजळ दिसतो तो खरोखरच जास्त उजळ असतो, कारण सगळे दिवे आपल्यापासून जवळपास सारख्याच अंतरावर आहेत. मॅजेलनचा मेघ ही लेव्हिट यांची वाडी होती. अशाच प्रकारचा एक प्रसिद्ध तारा वृषपर्वा समूहात आहे आणि त्या समूहाच्या पाश्चात्त्य नावावरून या ताऱ्यांना सेफीड म्हणतात. देवयानीच्या शेजारी वृषपर्व्याला विसरू नका म्हणालो ते यासाठी.

मग आली ५-६ ऑक्टोबर १९२३ ची रात्र. लॉस एंजेलिसजवळच्या माउंट विल्सनवर एडविन हबल यांनी १०० इंची दुर्बिणीतून देवयानीचा फोटो घेतला. तीन नवे ठिपके दिसले. तिन्हींपाशी त्यांनी नवतारा (अचानक उजळलेला तारा) म्हणून 'एन' लिहिलं. जुन्या पट्ट्यांशी ताडून पाहिल्यावर कळलं की त्यातला एक ठिपका आधीही होता, कधी उजळ, कधी मंद. त्यांनी 'एन' खोडलं आणि लाल शाईने 'व्हीएआर!' लिहिलं, म्हणजे चल तारा. तो सेफीड होता, फेरा ३१.४ दिवसांचा. हबल यांचं उत्तर आलं सुमारे ९ लाख प्रकाशवर्षं, आकाशगंगेच्या कोणत्याही मोजमापाबाहेर. १ जानेवारी १९२५ रोजी वॉशिंग्टनच्या अधिवेशनात हा निष्कर्ष वाचून दाखवला गेला. लेव्हिट तेव्हा हयात नव्हत्या, डिसेंबर १९२१ मध्ये त्यांचं निधन झालं होतं. मला दर वेळी हे सांगताना वाईट वाटतं.

वहीतलं गणित

आता तोच तारा आपण घेऊ. आधी प्रत म्हणजे काय ते एका वाक्यात: ताऱ्याच्या तेजाचा क्रमांक, आकडा जितका मोठा तितका तारा मंद. आपल्याला दिसते ती दृश्यप्रत. तारा ३२.६ प्रकाशवर्षांवर, म्हणजे १० पार्सेकवर ठेवला तर दिसेल ती निरपेक्ष प्रत, म्हणजेच त्याचं खरं तेज.

पहिली पायरी, फेऱ्यावरून खरं तेज. आजच्या मोजणीनुसार सेफीडसाठी सूत्र असं:

निरपेक्ष प्रत = −४.०५ − २.४३ × (फेऱ्याच्या दिवसांचा लॉग − १)

३१.४ चा दहा पायाचा लॉग १.४९७. त्यातून १ वजा केला की ०.४९७. त्याला २.४३ ने गुणलं की १.२१. म्हणून निरपेक्ष प्रत −५.२६. म्हणजे हा एक तारा हजारो सूर्यांइतका तेजस्वी आहे.

दुसरी पायरी, दिसणारं तेज. या ताऱ्याची सरासरी दृश्यप्रत आपण गणितासाठी १९.२ धरू.

तिसरी पायरी, दोन्हींतला फरक. १९.२ मधून −५.२६ वजा केले की २४.४६.

चौथी पायरी, फरकावरून अंतर. फरकात ५ मिळवा, २९.४६. पाचने भागा, ५.८९२. आता १० चा ५.८९२ वा घात काढा. मोबाइलच्या कॅल्क्युलेटरवर होतो. उत्तर सुमारे ७ लाख ८० हजार पार्सेक. एका पार्सेकमध्ये ३.२६ प्रकाशवर्षं, म्हणून अंतर साधारण २५ लाख ४० हजार प्रकाशवर्षं.

इथे थांबून एक प्रयोग जरूर करा. १९.२ ऐवजी १९.० घेऊन गणित पुन्हा करा. उत्तर येतं सुमारे २३ लाख. १९.४ घेतलं तर २८ लाखांच्या जवळ. प्रतीत इतका बारीक फरक आणि अंतरात लाखोंची उलथापालथ. वाटेतली धूळ ताऱ्याला मंद करते, तोही हिशेब आपण सोडून दिला आहे. म्हणूनच संशोधक एका ताऱ्यावर विसंबत नाहीत.

मग हबल यांचं उत्तर इतकं कमी का आलं? त्यांचं वेधकाम चोख होतं, पण त्यांनी वापरलेली पट्टीच आखूड होती. दुसऱ्या महायुद्धात शत्रूच्या भीतीने लॉस एंजेलिसचे दिवे मंद केले गेले तेव्हा माउंट विल्सनवर वॉल्टर बाडे यांना कधी नव्हे इतकं काळं आकाश मिळालं. त्यांनी देवयानीच्या गाभ्यातले तारे सुटे करून दाखवले आणि ताऱ्यांचे तरुण व जुने असे दोन वर्ग असल्याचं १९४४ मध्ये मांडलं. त्यातून पुढे उलगडलं की सेफीडही दोन प्रकारचे आहेत आणि एकाची पट्टी दुसऱ्याला लावली गेली होती. १९५२ मध्ये त्यांनी हे जाहीर केलं आणि दीर्घिकांची अंतरं एका दिवसात दुप्पट झाली.

अंतर मिळालं की आकार लगेच काढता येतो. २५ लाखांना दिसणाऱ्या ३ अंशांनी गुणा आणि ५७.३ ने भागा. सुमारे १ लाख ३० हजार प्रकाशवर्षं. तुमच्या वहीतला पेन्सिलीचा तो डाग एवढा रुंद आहे.

वर्णपटाची पायरी

सेफीड सुटे दिसत नाहीत इतक्या दूरच्या दीर्घिकांसाठी वर्णपट वापरतात. १९१२ मध्ये ॲरिझोनातल्या लॉवेल वेधशाळेत व्हेस्टो स्लायफर यांनी देवयानीचा वेग मोजला. ती सेकंदाला सुमारे ३०० किलोमीटर वेगाने आपल्याकडे येत आहे. पुढे त्यांनी मोजलेल्या इतर बहुतेक सर्पिल दीर्घिका मात्र दूर जाताना निघाल्या, म्हणजे त्यांच्या वर्णरेषा तांबड्या बाजूला सरकलेल्या होत्या. हीच ताम्रसृती. माउंट विल्सनवर पुढे सर्वांत मंद दीर्घिकांचे वर्णपट घेतले मिल्टन ह्युमॅसन यांनी. वेधशाळा बांधली जात असताना ते डोंगरावर खेचरांच्या पाठीवरून सामान पोचवत असत.

हेही गणित करून पाहा. हायड्रोजनची एक ठळक रेषा प्रयोगशाळेत ६५६.३ नॅनोमीटरवर असते. समजा एखाद्या दीर्घिकेत ती ६७१.४ वर सापडली. फरक १५.१, त्याला ६५६.३ ने भागलं की ०.०२३. याला प्रकाशाच्या वेगाने, सेकंदाला ३ लाख किलोमीटरने गुणा: ६,९०० किलोमीटर. दीर्घिका जितकी दूर तितकी ती वेगाने दूर जाते: दर दहा लाख पार्सेकला सेकंदाला सुमारे ७० किलोमीटर. म्हणून याला ७० ने भागा. सुमारे ९८.६ दशलक्ष पार्सेक, म्हणजे जवळजवळ ३२ कोटी प्रकाशवर्षं. अरुंधती केश समूहातला दीर्घिकांचा मोठा थवा साधारण याच अंतरावर आहे. स्लोन या आकाश-सर्वेक्षणाचे असंख्य वर्णपट इंटरनेटवर सर्वांसाठी खुले आहेत, त्यातला कुठलाही घ्या. देवयानीला मात्र हे सूत्र लावू नका. इतक्या जवळ गुरुत्वाकर्षण विश्वाच्या विस्ताराला जुमानत नाही.

आणि वेगमापनातूनच सर्वांत मोठं कोडंही देवयानीने दिलं. १९७० मध्ये व्हेरा रुबिन आणि केंट फोर्ड यांनी तिच्या वेगवेगळ्या भागांचे फिरण्याचे वेग मोजले. गाभ्यापासून दूर गेल्यावर वेग कमी व्हायला हवा होता, सूर्यमालेत बाहेरचे ग्रह मंद फिरतात तसा. तो फारसा कमी झालाच नाही. चकतीला धरून ठेवणारं न दिसणारं कृष्णद्रव्य तिथे असावं या विचाराला अशा मोजण्यांनी बळ मिळालं. ते कशाचं बनलं आहे हे अजून कळलेलं नाही.

देवयानी मावळल्यावर

मिराकपासून ज्या बाजूला देवयानी त्याच्या बरोबर उलट बाजूला, तितक्याच अंतरावर त्रिकोण समूहातली एम ३३ आहे. बायनॉक्युलरमध्ये फिकट गोल धुकं. शहराजवळून तिचा नाद सोडा.

मार्च-एप्रिलमध्ये सप्तर्षींच्या भागात एम ८१ आणि एम ८२ ही जोडी दुर्बिणीत एकाच वेळी दिसते. कन्या राशीत एम ८७ आहे, साडेपाच कोटी प्रकाशवर्षांवर. दुर्बिणीत ती साधा गोल डाग आहे, पण २०१९ मध्ये कृष्णविवराची जी पहिली प्रतिमा प्रसिद्ध झाली ती तिच्याच गाभ्याची. मे महिन्यात दक्षिणेला नरतुरंगातली सेंटॉरस ए पाहायला विसरू नका. पुण्याहून ती २८ अंश वर येते, युरोपातल्या बहुतेकांना ती दिसतच नाही. लेव्हिट यांचे मॅजेलन मेघ मात्र आपल्याला जवळजवळ नाहीतच. गोव्यातून मोठा मेघ जेमतेम पाच-साडेपाच अंश वर येतो आणि क्षितिजावरच्या धुरकटपणात हरवतो. ऑस्ट्रेलियात राहणाऱ्या मराठी वाचकांनी गावाबाहेर जाऊन तो आमच्या वतीने डोळे भरून पाहावा.

घरी बसूनही काम करता येतं. गॅलेक्सी झू हा प्रकल्प २००७ पासून सामान्य लोकांकडून दीर्घिकांचे आकार ओळखून घेतो. त्याच वर्षी हॅनी व्हॅन आर्केल या डच शिक्षिकेला त्यात एका दीर्घिकेशेजारी आधी कोणी न नोंदवलेला, चमकणाऱ्या वायूचा प्रचंड ढग सापडला. नारायणगावजवळ खोडदला जीएमआरटी या रेडिओ दुर्बिणीच्या ४५ मीटर व्यासाच्या तीस डिश आहेत. दर २८ फेब्रुवारीला विज्ञान दिनानिमित्त तिथे मोठं प्रदर्शन असतं, मुलांना घेऊन जा.

पुढच्या वेळी माळावर आडवे पडाल तेव्हा देवयानी पाहून झाल्यावर पुन्हा भाद्रपदा चौकोनाकडे या. त्याच्या मधोमधून दक्षिणेकडे जा, खालच्या बाजूच्याही पलीकडे आणखी एका चौकोनाइतकं. तिथे मीन राशीत नुसत्या डोळ्यांना फारसं काही नाही. २०१७ मध्ये पुण्याच्या आयुका आणि आयसर या संस्थांतल्या संशोधकांनी सहकाऱ्यांसह त्याच दिशेला, ४०० कोटी प्रकाशवर्षांवर, दीर्घिकांच्या थव्यांचा एक अतिप्रचंड समूह शोधला आणि त्याला सरस्वती हे नाव दिलं. वहीत त्या रिकाम्या जागेभोवतीही एक वर्तुळ काढून ठेवा.